पलीकडच्या मोहल्ल्यातला एक नंबर

(नागपूर येथे युवक-युवतींच्या शिबिरात केलेलं भाषण. बोलण्याच्या ओघात आलेली हिंदी-उर्दू वाक्यं इथे मराठीत घेतली आहेत.)

अस्सलामु अलैकुम, नमस्कार, जय भीम. हे तिन्ही म्हणायची फॅशन आहे म्हणून म्हणत नाही. समोर तिन्ही म्हणणारी मंडळी बसली आहेत, म्हणून म्हणतो.

सुरुवातीला एक छोटं काम करू. मोबाईल बाहेर काढा. शिबिरात मोबाईल बंद ठेवायला सांगतात, मी उलटं सांगतोय. तुम्ही किती व्हॉट्सॲप ग्रुपमध्ये आहात ते मोजा. पंचवीसच्या वर असलेल्यांनी हात वर करा. बघा, जवळजवळ सगळेच. मी स्वतः एकतीस ग्रुपमध्ये आहे. त्यातले नऊ मशिदीचे, नातेवाइकांचे आणि जुन्या विद्यार्थ्यांचे. बाकीच्यांत मला कोणी घातलं, मलाच माहीत नाही.

आता दुसरा प्रश्न. आपल्या समाजाबाहेरचा, शेजारच्या मोहल्ल्यात राहणारा, रात्री अकरा वाजता फोन केला तर जो उचलेल आणि खरं काय ते सांगेल, असा एक तरी नंबर किती जणांकडे आहे? कॉलेजातला मित्र चालेल, पण तो त्याच भागात राहणारा हवा.

सात. बरं. सत्तर-ऐंशी जणांत सात हात.

मी तुमची उलटतपासणी घेत नाही. 17 मार्च 2025 च्या संध्याकाळी माझ्याकडेही असा एकच नंबर होता, आणि तोही मी लावला नाही. फोन समोरून आला. तीच गोष्ट सांगायला इथे उभा आहे.

तो दिवस तुम्हाला सांगायला नको. रमजान चालू होता. दुपारी महालात औरंगजेबाच्या कबरीच्या मुद्द्यावर निदर्शनं झाली, प्रतीकात्मक कबर जाळली गेली. तिच्यावरच्या हिरव्या कापडावर पवित्र मजकूर होता, अशी बातमी फिरू लागली. ती अफवा होती, असं मुख्यमंत्र्यांनी नंतर विधानसभेत सांगितलं. निदर्शनं करणाऱ्यांवरही गुन्हा नोंदवला गेला. अंधार पडला तसा चिटणीस पार्कच्या बाजूला दगड सुरू झाले, रात्री उशिरा हंसापुरीत गाड्या जळाल्या. पोलीस जखमी झाले, सामान्य माणसं जखमी झाली, त्यातला एक जण पुढे रुग्णालयात दगावला. अकरा पोलीस ठाण्यांच्या हद्दीत संचारबंदी लागली, ती पूर्ण उठायला 23 तारीख उजाडली.

हे झालं वर्तमानपत्रात आलेलं. माझ्या घरात काय झालं ते ऐका.

इफ्तार झाली, मगरिब झाली. मी खजूर चघळत मोबाईल हातात घेतला. एका ग्रुपवर एक व्हॉइस नोट आली. रडवेला आवाज, मागे गोंधळ. म्हणत होता की आपल्या अमुक गल्लीत ते लोक रात्री येणार आहेत, पोरांना जागं ठेवा, बाहेर पडा. मी निवृत्त शिक्षक आहे, तीस वर्षं विज्ञान शिकवलं. प्रयोगाशिवाय निष्कर्ष काढू नका, हे पोरांना घोकून घोकून सांगितलं. आणि मी ती नोट ऐकून पुरी व्हायच्या आधीच तीन ग्रुपवर पाठवली. का? घाबरलो होतो, आणि घाबरलेल्या माणसाला काहीतरी केल्यासारखं वाटायला हवं असतं. अंगठ्याला तेवढंच करता येतं.

पावणेदहाला फोन वाजला. वहिनींचा. या वहिनी म्हणजे आमच्या जुन्या शेजाऱ्यांची सून, कोष्टी घर. पूर्वी आमच्याच गल्लीत राहायचे, नंतर महालात चिटणीस पार्कच्या मागे राहायला गेले. म्हणाल्या, “भाऊ, तुम्ही सगळे घरात आहात ना? इथं सगळे म्हणताहेत, रात्री तुमच्याकडून लोक येणार आहेत. एक रेकॉर्डिंग आलंय. खरं आहे काय?”

मी म्हटलं, ऐकवा. त्यांनी दुसऱ्या मोबाईलवर लावून ऐकवलं. तो वेगळा आवाज होता, वेगळ्या गल्लीचं नाव होतं, पण मजकूर तोच होता. ते लोक येणार आहेत, पोरांना जागं ठेवा. मी इकडून त्यांना माझी ऐकवली. फोनवर थोडा वेळ कोणीच बोललं नाही. मग वहिनी म्हणाल्या, “म्हणजे आपण दोघं एकमेकांचीच वाट पाहून राहिलो की!”

त्या हसल्या. मला हसू आलं नाही. तोवर माझ्या तीन ग्रुपमधून ती नोट कुठे कुठे गेली असेल, याचा हिशेब मी करत होतो. सव्वादहाला तिन्ही ग्रुपवर लिहिलं की मी पाठवलेलं खोटं आहे, माफ करा, मिटवून टाका. मी लिहिलेली ही माफी कोणीच पुढे पाठवली नाही. फॉरवर्डचा बाण मागे येत नाही, हे मला त्या रात्री समजलं.

माझ्याकडे वहिनींचा नंबर कसा होता, ते आता सांगतो, कारण खरी गोष्ट तिथे आहे.

तुमच्यापैकी कोणाला ‘पी.पी. नंबर’ म्हणजे काय ते माहीत आहे? नाही ना. आमच्या लहानपणी आणि तरुणपणी गल्लीत एखाद्याच घरी फोन असायचा. लग्नाच्या पत्रिकेवर, नोकरीच्या अर्जावर आपण शेजाऱ्याचा नंबर द्यायचो आणि पुढे पी.पी. असं लिहायचो. फोन आला की शेजारी गॅलरीतून हाक मारायचे. आमचा पी.पी. नंबर या कोष्टी कुटुंबाचा होता. माझ्या नोकरीचा निरोप त्यांच्या फोनवर आला. माझ्या मामूंच्या इंतकालची खबरही तिथेच आली. त्या घरातल्या आजींनी ती फोनवर ऐकली आणि गॅलरीतून ओरडून न सांगता जिना उतरून आमच्या दारात आल्या, अम्मीचा हात धरला आणि मग सांगितलं. खबर कशी द्यायची असते, ते त्या आजींना कळत होतं. फोन त्यांचा होता, निरोप आमचा होता, आणि मध्ये एक जिना होता. तो जिना चढल्या-उतरल्याशिवाय आम्ही जगाशी जोडले जातच नव्हतो.

मला जुन्या काळाचे गोडवे गायचे नाहीत. त्या जिन्यावर भांडणंही व्हायची. फोन दहा वेळा आला की आजी कुरकुरायच्या, आमच्या घरात शिजलेल्या मटणाच्या वासावरून टोमणे असायचे, आणि आमच्याकडूनही उत्तरं जायची. पण भांडायला माणूस समोर असायचा. आता माझ्या खिशात अख्खं जग आहे आणि माझ्या घरापासून अर्ध्या तासाच्या पायी अंतरावरच्या महालात काय चाललंय, हे मला पाहणाऱ्या माणसाकडून कळत नाही. मला ते कोणा अनोळखी माणसाच्या रडव्या आवाजातून कळतं.

बरं, आमचं आणि त्या घराचं नातं फक्त फोनचं होतं काय? नाही. ते हातमागाचं होतं. नागपूर हे विणकरांचं शहर. कोष्टी, हलबा कोष्टी, आणि उत्तरेकडून आलेले आपले मोमिन, ज्यांच्यावरून मोमिनपुऱ्याचं नाव पडलं. 1 जानेवारी 1877 ला जमशेटजी टाटांची एम्प्रेस मिल इथे सुरू झाली, मग मॉडेल मिल आली. हातमागवाले आणि गिरणीवाले, दोघांचीही हिंदू-मुसलमान म्हणून वेगवेगळी सोय नव्हती. सूत महागलं की दोघांचं महागायचं. पगार थकला की दोघांचा थकायचा. माझे अब्बा आणि त्या घरातले आजोबा सोबत मोर्चाला जायचे. एकमेकांवर फार प्रेम होतं म्हणून जात नव्हते. मजुरी एकच होती म्हणून जायचे.

गिरण्या बंद पडल्या, माग उचलले गेले. ते कुटुंब महालात गेलं. आम्ही राहिलो. नातं उरलं ते ईदच्या शीरखुर्म्याचं आणि दिवाळीच्या चिवड्याचं. मग तेही फोनवरच्या ‘ईद मुबारक’च्या चित्रावर आलं, ज्यात चांद असतो, मशीद असते आणि खाली कुठल्यातरी नगरसेवकाचा फोटो.

आशुतोष वार्ष्णेय नावाचे अभ्यासक आहेत. त्यांनी भारतातल्या सहा शहरांचा अभ्यास केला. अलीगढ आणि कालिकत, हैदराबाद आणि लखनौ, अहमदाबाद आणि सुरत. एकात दंगली होतात, दुसऱ्यात तेवढ्या होत नाहीत, असं का? 2002 मध्ये त्यांचं पुस्तक आलं. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं की शेजारधर्म, सणाला जाणं-येणं, पोरांनी सोबत खेळणं हे चांगलंच आहे, पण मोठ्या शहरात ताण वाढला की एवढ्याने निभत नाही. टिकतं ते संघटनेतलं नातं. कामगारांची युनियन, व्यापाऱ्यांची संघटना, वाचनालय, पक्षाची शाखा, जिथे दोन्हीकडची माणसं एखाद्या कामासाठी नियमित भेटतात. त्यांच्या काही मुद्द्यांवर वाद झाले आहेत, तुम्हीही वाद घाला. पण आमच्या गल्लीपुरतं मला ते पटतं. शीरखुर्मा चालू होता तोवर माग बंद झाल्याचं आम्हाला कळलंच नाही.

आणि हे फक्त पुस्तकातलं नाही. आपल्या महाराष्ट्रात भिवंडी आहे. यंत्रमागाचं गाव, विणकर तिथेही तेच. 1970 ला दंगल, 1984 ला पुन्हा दंगल. त्यानंतर सुरेश खोपडे नावाचे पोलीस उपायुक्त तिथे आले आणि त्यांनी मोहल्ला समित्या उभ्या केल्या. शांतता समित्या त्याआधीही होत्या, पण त्यात तेच ते पुढारी, शहरभराचे. खोपड्यांनी वस्तीवस्तीत समित्या केल्या आणि त्यात रिक्षावाले, मागावर काम करणारे, दुकानदार, दोन्ही समाजांचे सारखे घेतले. त्या समित्या काय करायच्या? नळावरची भांडणं, नाल्या, नवरा-बायकोचे तंटे, मिरवणुकीचा रस्ता. दंगलीविषयी बोलायची वेळ क्वचित यायची. आणि डिसेंबर 1992, जानेवारी 1993 ला शेजारची मुंबई पेटली तेव्हा भिवंडी शांत राहिली. खोपड्यांनी यावर मराठीत पुस्तक लिहिलंय, ‘मुंबई जळाली, भिवंडी का नाही?’ ग्रंथालयात मिळालं तर जरूर वाचा.

मला यातलं नाल्यांचं काम फार महत्त्वाचं वाटतं. आपण ‘एकता’ या विषयावर सभा घेतो. त्या सभेला येतात ते आधीच एकतेवाले असतात. नाली तुंबली की सगळे येतात.

आता कोणी म्हणेल, सर, तुम्ही मोबाईलच्या विरोधात आहात. अजिबात नाही. एप्रिल 2021 आठवा. तुमच्यातले बरेच जण तेव्हा शाळेत होते. नागपुरात बेड नव्हते, ऑक्सिजन नव्हता, इंजेक्शनसाठी माणसं रडत फिरत होती. याच शहरातले वाहतूक व्यावसायिक प्यारे खान यांनी पदरचे पैसे खर्चून ऑक्सिजनचे टँकर आणवले, ते देशभर छापून आलं. पण गल्लीबोळात एक दुसरं काम चाललं होतं, त्याची बातमी झाली नाही. पोरं-पोरी रात्रभर फोन घेऊन बसायची. ग्रुपवर एखादा नंबर आला की आधी त्यावर फोन करायचा. उचलला का? सिलिंडर आहे का? किती आहेत? मग त्यापुढे लिहायचं, ‘तपासलं, दुपारी साडेचार’. आणि संपले की लिहायचं, ‘संपले, पाठवू नका’. त्या यादीत कोण हिंदू, कोण मुसलमान हे बघायला कोणाला सवड नव्हती. तेच व्हॉट्सॲप, तोच बाण, तीच माणसं. 2021 ला आपण फॉरवर्ड करण्याआधी फोन करत होतो आणि 2025 ला मी केला नाही.

‘तपासलं, दुपारी साडेचार’. मित्रांनो, हे काय आहे माहीत आहे? ही इस्नाद आहे. मी काही आलिम नाही, दीनी तकरीर करायचा माझा अधिकार नाही, चुकलं तर इथल्या मौलानांनी दुरुस्त करावं. पण मदरशात गेलेल्या प्रत्येकाला हे माहीत असतं. हदीस नुसती हदीस म्हणून घेतली जात नाही. तिच्याआधी नावांची साखळी असते. मी अमक्याकडून ऐकलं, त्याने तमक्याकडून ऐकलं, त्याने त्यांच्याकडून. आणि मुहद्दिस त्या प्रत्येक नावाची चौकशी करायचे. हा माणूस खरा बोलणारा होता का? याची स्मरणशक्ती कशी होती? हे दोघे एका काळात जगले होते का, यांची भेट होऊ शकत होती का? यातून माणसांची माहिती ठेवणारं अख्खं एक शास्त्र उभं राहिलं, ग्रंथांवर ग्रंथ झाले. इमाम बुखारींसारखे लोक त्यासाठी देशोदेशी फिरले. आणि सूरह हुजुरातच्या सहाव्या आयतीत तर सरळ हुकूम आहे की बेभरवशाच्या माणसाने खबर आणली तर आधी शहानिशा करा, नाहीतर अजाणता कोणाला इजा कराल आणि मग केल्याचा पस्तावा होईल.

ज्या समाजाने हजार-बाराशे वर्षांपूर्वी खबरीची साखळी तपासायचं शास्त्र उभं केलं, त्या समाजाचा मी एक निवृत्त शिक्षक, आणि माझ्या व्हॉइस नोटला साखळीच नव्हती. वर लिहिलं होतं, ‘अनेक वेळा फॉरवर्ड केलेला’. दोन बाण. म्हणजे ती कमीत कमी पाच हातांतून आली होती आणि त्या पाचांपैकी एकाचंही नाव मला माहीत नव्हतं.

ते दोन बाण आणि पाचची मर्यादा कुठून आली, तेही ऐका, कारण त्यात आपल्या महाराष्ट्राचं रक्त आहे. 1 जुलै 2018, रविवार, धुळे जिल्ह्यातलं राईनपाडा, आठवडी बाजाराचा दिवस. सोलापूर जिल्ह्यातून आलेले नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे पाच भिक्षेकरी. मुलं पळवणारी टोळी आली आहे, असे मेसेज त्या महिन्यांत सगळीकडे फिरत होते. या पाच जणांना ग्रामपंचायतीच्या खोलीत कोंडून ठार मारलं गेलं. त्या वर्षी देशभर फिरलेल्या क्लिपांमधली एक तर मुळात कराचीत बनलेली, पालकांना सावध करणारी जाहिरात होती. शेवटचा भाग कापून ती इथे फिरवली गेली. अशा हत्यांनंतर त्याच जुलैत व्हॉट्सॲपने भारतात एका वेळी पाचच जणांना पाठवायची मर्यादा घातली. 2020 च्या एप्रिलमध्ये, खूप फिरलेला मेसेज एका वेळी एकालाच, असं झालं. म्हणजे कंपनीने अंगठ्याला वेसण घातली. पण मी तीन ग्रुपवर पाठवायला तीनदा अंगठा दाबला, त्याला कितीसा वेळ लागला?

या घटनेत मुसलमान नव्हते, हेही लक्षात ठेवा. अफवेचे बळी फक्त आपणच असतो, असं आपल्याला वाटतं. डवरी गोसाव्यांचं कोण आहे? त्यांच्यासाठी आपण किती जण रस्त्यावर उतरलो? मी नाही उतरलो.

आणि आपल्या वाट्याला आलं तेही खरंच आहे. जून 2014, हडपसर. कोणीतरी फेसबुकवर आक्षेपार्ह पोस्ट टाकल्या आणि त्यांच्याशी काडीचाही संबंध नसलेला एक तरुण मुस्लिम आयटी कर्मचारी रस्त्यात मारला गेला. दाढी आणि टोपी एवढीच ओळख. जून 2023, कोल्हापूर. काही पोरांनी लावलेलं स्टेटस, त्यावरून बंद, दगडफेक, इंटरनेट बंद. स्टेटस चोवीस तासांत मिटतं. केस मिटत नाही. स्टेटस लावणाऱ्या पोरांना मी वेडे म्हणत नाही, त्या वयात राग असतो. पण आपला राग कुठल्या कामाला लावायचा, हे शिकवणारी जागा त्यांच्या आसपास नव्हती. ही जागा म्हणजे चळवळ.

चळवळीवर थोडं बोलतो. तुम्ही दीक्षाभूमीला गेला असाल. 14 ऑक्टोबर 1956. काही लाख माणसं या नागपुरात आली. ना मोबाईल, ना टीव्ही, बहुतेकांना वाचताही येत नव्हतं. कशी आली? वामनराव गोडबोले आणि त्यांचे सहकारी इथे राबत होते. ‘प्रबुद्ध भारत’मध्ये छापून आलं. गावात एकजण ते वाचायचा आणि बाकीचे ऐकायचे. मग गावाने ठरवायचं, कोण जाणार, पैसे कसे जमवायचे, पांढरे कपडे कुठून आणायचे, भाकऱ्या किती बांधायच्या. म्हणजे नागपुरात पोचायच्या आधी प्रत्येक गावात एक बैठक झालेली होती. मला त्या लाखांच्या आकड्यापेक्षा या बैठकांचं जास्त अप्रूप वाटतं. बाबासाहेब 6 डिसेंबरला गेले. दोन महिनेसुद्धा झाले नव्हते. तरी ती माणसं विखुरली नाहीत, कारण ती एका मेसेजवर आलेली नव्हती.

गंमत बघा, त्याच वर्षी तिकडे अमेरिकेत, माँटगोमेरी शहरात काळ्या लोकांचा बसवरचा बहिष्कार चालू होता. डिसेंबर 1955 मध्ये रोझा पार्क्स यांना अटक झाली, त्या रात्री जो ॲन रॉबिन्सन या प्राध्यापिकेने कॉलेजच्या यंत्रावर हजारो पत्रकं छापून काढली. तंत्रज्ञानच ते, त्या काळचं. पण पत्रक एका रात्रीचं काम. पुढचे 381 दिवस लोकांना कामावर कसं पोचवायचं, कोणाची गाडी कुठून निघेल, पेट्रोलचे पैसे कोण देईल, हे रोज ठरवावं लागलं. झेनेप तुफेक्ची नावाच्या तुर्की अभ्यासक आहेत, त्यांनी आजच्या आंदोलनांवर लिहिलंय. त्यांचं म्हणणं असं की आता लाख माणसं चौकात आणणं सोपं झालंय, म्हणूनच ती आणताना सोबत ठरवायची, सोबत निभवायची जी सवय लागायची, ती लागत नाही. चौक भरतो आणि दुसऱ्या दिवशी पुढे काय, हे कोणाला ठाऊक नसतं. आपल्या मोर्चांना हे किती लागू पडतं, ते तुम्ही ठरवा. मी मोर्चात चालून आलोय, माझ्या मनात उत्तर आहे.

आता आमच्याकडे काय झालं ते सांगतो. फार मोठं काही नाही. संचारबंदी उठल्यावर मी वहिनींकडे गेलो. 31 मार्चला ईद होती, त्याआधीच गेलो, शीरखुर्म्याची वाट पाहिली नाही. मी म्हटलं, तुमच्या बाजूच्या चार घरांचे नंबर द्या, आमच्याकडचे चार मी देतो. त्यांनी विचारलं, “कशासाठी म्हणून सांगू?” तिथे मी अडलो. ‘दंगल झाली तर’ असं म्हणून कोणी नंबर देतं का? मग त्यांनीच तोड काढली. त्यांच्या वस्तीत बायकांचा बचत गट आहे, शिवणकाम करतात. आमच्याकडे कपडा आणि कारागीर आहेत. त्यांना शाळेच्या गणवेशाचं काम मिळालं होतं, हात कमी पडत होते. आमच्या गल्लीतल्या चार पोरींनी ते काम घेतलं. आता तारीख चुकली, काज-बटण वाकडं झालं, पैसे थकले म्हणून रोज फोन होतात. भांडणंही होतात. परवा माझ्या पुतणीने माझ्यासमोर वहिनींना फोनवर सुनावलं, “काकू, तुम्ही माप चुकीचं दिलं, आता उसवू कोण?” मला फार बरं वाटलं. पूर्वी सुतावरून भांडायचे, आता मापावरून.

त्यातून एक वही झाली. साधी शंभर पानी. त्यात एका बाजूला इकडचा नंबर, दुसऱ्या बाजूला तिकडचा, आणि मध्ये, कशासाठी ओळख आहे ते. शिवणकाम. रिक्षा स्टँड. एका दवाखान्यातल्या दोन नर्सेस. ताजबागच्या उर्सात दुकान लावणारे दोघं. तिथे कोणाचं किती जुनं आहे हे कोणी विचारतच नाही. बाबा ताजुद्दीनना 1908 मध्ये पागलखान्यातून आपल्या शक्करदऱ्याच्या वाड्यावर नेलं ते राजे रघुजी भोसल्यांनी. ‘कशासाठी’ हा रकाना रिकामा असेल तर तो नंबर वहीत घ्यायचा नाही, असं आम्ही ठरवलंय. आतापर्यंत सव्वीस जोड्या झाल्या. गेल्या वर्षभरात तीनदा वही कामाला आली. तिन्ही वेळा एक-दोन फोनमध्ये मिटलं, म्हणून त्या तीन गोष्टी मी इथे सांगत नाही. सांगितल्या की त्यांच्याही व्हॉइस नोट होतील.

शेवटचं. काल रात्री जेवताना तुमच्यातल्याच एका मुलाने मला बाजूला घेतलं आणि विचारलं, “सर, माझा नंबर त्या वहीत गेला आणि उद्या काही झालं, पोलिसांनी वही उचलली, तर माझं नाव यादीत येईल का? घर पाडतील का?” त्याने हे हसत विचारलं नव्हतं. 24 मार्चला याच शहरात एका आरोपीचं घर पाडलं गेलं, हे त्याने पाहिलेलं आहे. चार महिन्यांपूर्वी, 13 नोव्हेंबर 2024 ला सर्वोच्च न्यायालयाने, पंधरा दिवसांच्या नोटिशीशिवाय पाडकाम नको, असं बजावलेलं असताना ते झालं. त्याच दिवशी नागपूर खंडपीठाने स्थगिती दिली, पुढे पालिका आयुक्तांनी न्यायालयात माफीही मागितली. पण घर पडलेलं होतं.

मी त्याला ‘काही होणार नाही’ असं म्हणालो नाही. मला तसं म्हणता येत नाही. जे माहीत आहे ते सांगितलं. मार्च 2021 मध्ये आपल्याच नागपूर खंडपीठाने गोंदियाच्या एका प्रकरणात म्हटलंय की ग्रुपमध्ये दुसऱ्याने काही टाकलं म्हणून, संगनमत नसताना, ॲडमिनला दोषी धरता येणार नाही. पण स्वतः पाठवलेल्या मेसेजची जबाबदारी स्वतःचीच. माझी त्या रात्रीची नोट माझीच होती. पोलीस आले असते तर मला ‘मी घाबरलो होतो’ एवढंच म्हणता आलं असतं. आणि वहीतला नंबर म्हणशील, तर त्याच्यासमोर ‘गणवेशाचं शिवण’ असं लिहिलेलं आहे. ती वही कोणाच्याही टेबलावर ठेवायला मला लाज नाही.

तो म्हणाला, “बघतो सर.” मी म्हटलं, बघ.

वही मागे चहाच्या टेबलावर ठेवली आहे. पेन बांधलेला आहे, नेऊ नका. ज्या सात जणांनी मघाशी हात वर केले, त्यांनी आधी चहा घ्यावा. बाकीच्यांनी प्रश्न विचारावेत, मी इथेच आहे.